दारफळणीचा दसरा

त्या दसऱ्याला मिलकाबाईंच्या दाराची कडी पहिल्यांदा वाजली ती संध्याकाळी पाच वाजून दहा मिनिटांनी. त्याआधी नाही. हे सुरुवातीलाच लिहून ठेवतो, कारण नंतर जे छापून आलं त्यात कडी सकाळपासून वाजत होती. मी पंपांच्या कारखान्यात ड्राफ्ट्समन आहे. मोजल्याशिवाय रेघ ओढायची सवय नाही. त्या दिवशी सुट्टी होती आणि मी दिवसभर आमच्या ओसरीवर ड्रॉइंग बोर्ड घेऊन बसलो होतो. समोर, बारा पावलांवर, मिलकाबाईंचं क्वार्टर.

मिलकाबाई थळकर पलूसजवळच्या आमच्या गावात नर्स होत्या. जन्म साताऱ्याचा, वडील तिथल्या दवाखान्यात कंपाउंडर. नवरा लवकर गेला. मुलगा अडुसष्ट साली इस्राएलला गेला आणि तिथल्या बंदरावर क्रेन चालवू लागला. त्या ज्यू होत्या. गावाला त्याचा नीट अर्थ कळला नव्हता, आणि तोवर कुणाचं त्यावाचून अडलंही नव्हतं. दाराच्या चौकटीवर त्यांनी एक छोटी नळी ठोकली होती. गाव तिला ताईत म्हणायचं. शनिवारी त्या चूल पेटवत नसत, तर शेजारच्या बायका न सांगता भाकरी आणून द्यायच्या.

त्यांना गोष्टी फार येत. वडील त्यांच्या लोकांत कीर्तन करायचे, मराठीत, साकी-दिंडी म्हणून. ते सगळं बाईंच्या तोंडात होतं. गावातल्या निम्म्या बायकांनी त्या गोष्टी कळा देता देता ऐकल्या आहेत. जहाज फुटून कोकणच्या किनाऱ्याला लागलेल्या सात जोडप्यांची गोष्ट. राजानं मुलगे मारून टाका म्हटलं तरी त्यांना जगवणाऱ्या दोन सुइणींची गोष्ट. कळ आली की बाई थांबायच्या, कळ ओसरली की पुढचं सांगायच्या. माझी आई म्हणायची, पुढं काय झालं हे ऐकायला म्हणून मी तग धरला.

वर्षातला एक दिवस मात्र त्यांचं दार बंद असे. दारफळणीचा सण. आदल्या संध्याकाळपासून पाण्याचा थेंबही नाही, पांढरं लुगडं, दार लावून दिवसभर प्रार्थना, परक्याला शिवायचं नाही. रात्र पडली की दार उघडायचं. हा सण कधीकधी नेमका दसऱ्याला येतो, तसा त्र्याहत्तर साली आला. सोनं द्यायला निघालेली पोरं त्यांच्या उंबऱ्यावर आपट्याची पानं ठेवून पाय न वाजवता जात होती. गाव त्यांचा सण पाळत होतं.

त्याच दिवशी पहाटे धोंडुबाईंच्या सुनेला, विजयमालाला, कळा सुरू झाल्या. तिचा नवरा सयाजी पलटणीत, तेव्हा आसामात. घरात कारभार धोंडुबाईंचा. दुपारी पाणी गेलं. सुईण म्हणाली, मूल पायाळू आहे, नर्सबाईंना बोलवा. धोंडुबाई म्हणाल्या, आज त्यांचं दार बंद. त्यांचा देव कडक आहे, त्यांचा सण आपण मोडायचा नाही. दिवस मावळला की त्या आपणहून येतील.

सून बेशुद्ध पडली तेव्हा सयाजीचा चुलतभाऊ आकाराम सायकलवरून बाईंच्या दाराशी आला. कडी एकदाच वाजली. दार लगेच उघडलं.

"बाई, वैनी अडलीया. सकाळपासनं."

"सकाळपासून? आणि आत्ता येतोस?"

"काकी म्हणली, आज तुमचं दार बंद असतंय. उघडंल तवर थांबू."

बाईंनी पिशवी उचलली आणि अनवाणीच निघाल्या. उंबऱ्यावरची पानं त्यांच्या पायाखाली आली. मूल साडेसहाला झालं, मुलगा, पण रडला नाही. विजयमाला वाचली. बाईंनी पाणी प्यायलं ते रात्री नऊला. दवाखान्याच्या रजिस्टरात त्यांनी वेळा लिहिल्या: बोलावणं ५.१०, पोचले ५.२५.

दुसऱ्या दिवशी त्या मला म्हणाल्या, "जीव वाचवायचा असेल तर सण मोडायचा, हे आमच्यातच सांगितलंय. गावाला मी सतरा गोष्टी सांगितल्या. ही सांगायची राहिली."

वर्षभरात धोंडुबाईंच्या सांगण्यात फरक पडत गेला. आधी, आम्ही थांबलो. मग, आम्ही माणूस पाठवला होता. मग, कडी वाजवून वाजवून आकारामच्या हाताला फोड आले. आकारामनं ते खोडून काढलं नाही. सुनेचं मूल आपल्या शब्दामुळं गेलं, हे घेऊन एका घरात राहता येत नसावं. तिथवर मी धोंडुबाईंना समजू शकतो.

पुढच्या वर्षी वाचनालयाच्या व्याख्यानाला सांगलीहून एक लेखक आले. त्यांचं जेवण धोंडुबाईंकडे होतं. पंचाहत्तरच्या दिवाळीत एका अंकात त्यांची कथा आली. त्यात एक ज्यू नर्स होती. बाकदार नाकाची, कमरेला किल्ल्यांचा जुडगा, परमुलखातून आलेली, कुणाशी न बोलणारी. बाहेर बाई मरते आहे आणि ही आत बसून आपल्या निर्दय देवाला आळवते आहे. शेवटच्या ओळीत ती दाराला आणखी एक कडी घालते.

मिलकाबाईंनी अंक माझ्यापुढे धरला. त्यांचं नाक चपटं होतं. त्या म्हणाल्या, "एवढं तरी बघून जायचं होतं त्यांनी. गावातच तर राहते."

त्या हसल्या, पण मला हसू आलं नाही.

मी संपादकांना पत्र लिहिलं. वेळा दिल्या, अंतर दिलं, रजिस्टरातली नोंद उतरवून दिली. उत्तर आलं की कथा काल्पनिक आहे, तिला साक्षीपुरावा लागत नाही, आणि समीक्षकांना त्यात ज्यू मनाचा फार खोल वेध दिसला आहे. गावात तो अंक हातोहात फिरला. ज्यांची बाळंतपणं बाईंनी केली होती, त्या बायका लेकींना तासगावला नेऊ लागल्या. आमच्या घरासमोरून बाईंची पिशवी बाहेर पडेनाशी झाली.

त्यांना निवृत्त व्हायला वर्ष उरलं होतं. मुलगा तिकडे बोलावत होता, पण त्यांना इथेच राहायचं होतं. मागच्या आळीत दोन खोल्या बघून ठेवल्या होत्या. नाव असं झाल्यावर कसं राहणार? एक दिवस मला बरोबर घेऊन त्या धोंडुबाईंकडे गेल्या. मागणं एकच होतं: काय झालं ते चार बायकांत एकदा सांगा. मी ओसरीच्या कडेला बसलो होतो. आत चुलीपाशी विजयमाला होती, तिच्या परातीचा आवाज थांबला.

धोंडुबाईंनी हातातली वात वळून खाली ठेवली.

"आवं बाई, तुमी आज ना उद्या जाशीला तुमच्या मुलखाला. मला हितं सुनंम्होरं ऱ्हायाचं हाय."

"माझा मुलूख सातारा आहे, धोंडुबाई."

"मग छापलंय ते काय खोटं छापत्यात व्हय?"

बाई उठल्या. आत परातीचा आवाज पुन्हा सुरू झाला.

शहात्तर साली दारफळणी दसऱ्याच्या मागोमाग आली. सकाळी मी ओसरीवर आलो तर समोरचं दार सताड उघडं. मिलकाबाई पांढरं लुगडं नेसून उंबऱ्याशी पाटावर बसल्या होत्या, हातात प्रार्थनेचं पुस्तक, शेजारी पिशवी. सत्तावन्न वर्षांत त्यांनी हे कधी केलं नसेल. ऊन पायांवर आलं, मग तोंडावर आलं, पण त्या हलल्या नाहीत. ओठ सुकून पांढरे पडले होते. येणारे-जाणारे बघत होते आणि पलीकडच्या कडेनं जात होते. दुपारी विजयमाला घागर घेऊन गेली. दारासमोर तिचं पाऊल अडलं, तिनं बाईंकडे पाहिलं, आणि पदर ओढून ती पुढे गेली. बोलावणं कुणाचंच आलं नाही.

अंधार पडला. दरवर्षी या वेळेला बाई दार उघडत. त्या दिवशी त्यांनी पाट उचलला आणि दार लावून घेतलं.

मी पानपट्टीवर गेलो. आकाराम तिथे चारचौघांत उभा होता.

"बघितलंस न्हवं?" तो म्हणाला. "आज उघडं ठेवलंया. म्हंजी तवा बंदच हुतं की रं."

मी त्याला म्हटलं, आकाराम, कडी तू वाजवली होतीस. एकदाच. मी समोर बसलो होतो.

त्यानं पान गालात सरकवलं. "आसंल गड्या," तो म्हणाला. "तुझं कुठं छापून आलंय का?"

डिसेंबरात मिलकाबाईंनी पासपोर्टचा अर्ज केला. फॉर्म मीच भरून दिला. जन्मस्थान, सातारा. कायमचा पत्ता या ओळीपाशी मी थांबलो, तर त्या म्हणाल्या, तेवढं कोरं ठेव.