डावं चाक वरडून राह्यलंय

परवा मामांच्या गावी गेलो होतो. तिथे माझ्यावर जो अन्याय झाला, तो आधी नोंदवून ठेवतो. गाडीत मी हौसेने टेप बसवलाय, मागे दोन भलेमोठे स्पीकर आहेत... आणि मामा बसले की टेप बंद! लोकशाही देशात माणसाला स्वतःच्या गाडीत स्वतःचं गाणं ऐकता येऊ नये, यावर कुणीतरी उपोषणाला बसायला हवं.

कारण काय, तर मामांना चाकं ऐकायची असतात. सारा जन्म शेतीत आणि बैलगाडीवर गेला. गावात कुणाचंही चाक कुरकुरलं की मामांना बोलावणं येतं... चाकाच्या बाबतीत त्यांचा शब्द म्हणजे निकाल, वर अपील नाही.

मी जालन्याहून गेलो होतो ते मामांच्या सुनीताला आणायला. एकुलती एक लेक, मंठ्याला दिलेली, आणि पहिलं बाळंतपण माहेरी. जीपचे धक्के खात लेक आणायची नाही असं मामांनी ठरवलं, म्हणून माझ्या सेकंडहॅण्ड गाडीला मान मिळाला. दिवस मावळायच्या आत ती उंबऱ्याच्या आत यायला हवी, हेही मामांनीच ठरवलं होतं.

आदल्या संध्याकाळी मामांना घेऊन एक चक्कर मारून आलो. उतरल्याबरोबर मामा पुढच्या डाव्या चाकाशी उकिडवे बसले, हात लावला आणि चटका बसल्यासारखा मागे घेतला.

"भाच्या, डावं चाक वरडून राह्यलंय. अन् तापलंय बी."

"मामा, ऊन केवढं होतं आज..."

"मंग उजवं का थंड हाय?"

मी चहा प्यायला आत गेलो.

सकाळी निघताना मामा खुशीत शेजारी येऊन बसले. म्हणाले, "आता न्हाई वरडनार ते. केला बंदोबस्त." मला वाटलं, नारळ फोडला असेल, लिंबू उतरवलं असेल... आणि खरंच, चाक चिडीचूप!

गावाबाहेरच्या पहिल्याच वळणावर म्हशी आडव्या आल्या. मी ब्रेक दाबला... गाडी थांबेना. "भाषण आवरतं घ्या" म्हटल्यावर पुढारी जसा थांबतो, तशी ती थांबत होती. हॅण्डब्रेक ओढला, गिअर खाली टाकला, तेव्हा कुठे शेवटच्या म्हशीच्या शेपटीपाशी उभी राहिली.

तिथून घनसावंगीच्या गॅरेजपर्यंत पहिल्या गिअरमध्ये. सायकलवाले आम्हाला मागे टाकून जात होते.

गॅरेजवाले रफिकभाई हाताने हळू आणि तोंडाने जलद. त्यांनी डावं चाक काढलं. आत सगळं ओलं. "सील लीक दिसतं," म्हणाले. मग कॅलिपर, म्हणजे डिस्क आवळणारा ब्रेकचा चिमटा, खोलला आणि त्यांचं तोंडच बंद झालं.

ब्रेकवरचा पाय काढला की कॅलिपरातल्या पिस्टननं ढिलं व्हायला हवं. आमचा गंजून जागेवरच बसला होता. पाय काढला तरी पॅड डिस्कला घासतच राहायचा... झिजून लोखंडाला टेकला होता, डिस्क तापून निळी पडली होती.

"महिनाभर तरी आवाज करून राह्यलं असंल हे. तुम्हाला बिलकुल ऐकू नाही आलं?"

मी स्पीकरकडे पाहायचं टाळलं.

"आज मंठ्याहून येताना ब्रेक गेलाच असता. एवढं तापलं की ब्रेकमधलं तेल उकळतं, पेडल खाली जाऊन बसतं. मंग काय दाबता?"

मागच्या सीटवर सुनीता, आणि पायाखाली रिकामं पेडल... मी तिथल्या बाकड्यावर बसून पाणी मागितलं.

नवा कॅलिपर जालन्याहून येणाऱ्या जीपवाल्याबरोबर पाठवायला सांगितला. मामा दर दहा मिनिटांनी आधी सूर्याकडे बघत, मग रस्त्याकडे. (सुनीता दिवे लागायच्या आत घरी पोचली, मामींनी भाकरतुकडा ओवाळून टाकला. तेव्हा तुम्ही काळजी करू नका.)

कॅलिपर आला, बसला. ब्रेकच्या पाइपातली हवा काढायला कुणीतरी पेडल मारायला हवं, म्हणून मामांना ड्रायव्हरच्या जागेवर बसवलं. जन्मात पहिल्यांदा त्यांच्या हातात स्टिअरिंग... ताठ बसले होते, नवरदेवासारखे.

पॅड जोडीनेच बदलतात, म्हणून रफिकभाईंनी आधी उजवं चाक खोललं. तेही ओलं.

"दोन्हीकडं एकाच दिवशी लीक?" त्यांनी बोट फिरवलं, नाकाशी नेलं. "साहेब, हे ब्रेकचं तेल नाही. हे तर करडीचं हाय! कोण हाय हा शहाणा?"

मामांचा बंदोबस्त तेव्हा माझ्या लक्षात आला. बैलगाडीचं चाक वरडलं की वंगण घालायचं... डाव्याला पाजलं, आणि उजव्याला वाईट वाटू नये म्हणून त्यालाही. तेलावर ब्रेक धरणार कसा!

गॅरेजात आमच्याच गावची दोघंतिघं टेकली होती. मामा स्टिअरिंग घट्ट धरून समोरच्या भिंतीकडे बघत होते. कानाच्या पाळ्या लाल.

औषध चुकलं होतं, कबूल. पण दुखणं कुणी ओळखलं होतं? ते तेल पडलं नसतं, तर मी तसाच थेट मंठ्याला गेलो असतो... आणि सुनीताला घेऊन निघालो असतो.

"भाई, मी टाकलं," मी म्हणालो.

मग काय! "शिकलेले दिसता, अन् ब्रेकला फोडणी देऊन राह्यले? उद्या क्लचला चटणी लावसाल! घरी भजे तळायला कोणी नाही का?" गावची मंडळी पोट धरून हसत होती. लोकांची सालं काढणारा मी, पण त्या दिवशी एक शब्द उलट बोललो नाही.

खाली मान घालून सगळं ऐकून घेतलं. महिनाभर जे ऐकलं नव्हतं, त्या मानाने हे फारच थोडं होतं.