आधी ह्यांना घे

देवाने माझ्या नवऱ्याला पुरातून वाचवलं, असं सगळं कुरुंदा म्हणतं. गाव म्हणतं कारण सगळ्यांत आधी मीच म्हणाले होते. आता ते वाक्य कोणी माझ्यासमोर उच्चारलं की तोंड कडू होतं.

आम्ही बेने इस्राएल, म्हणजे मराठी बोलणारे ज्यू. माहेर-सासर दोन्ही अलिबागकडचं. शाळेच्या नोकरीपायी मी इकडे आले आणि इथलीच होऊन बसले. शनिवारी आमच्याकडे चूल पेटत नाही, एवढंच गावाला नक्की ठाऊक आहे. बाकी कोणी आम्हाला ख्रिश्चन समजतं, कोणी मुसलमान. निवृत्त झाल्यापासून मी दुरुस्ती करायचंही सोडून दिलंय. शिकवून शिकवून किती शिकवायचं!

त्या दिवशी दुपारी ओढ्याचं पाणी गल्लीत शिरलं. हे अर्धांगवायूने पाच वर्षं खाटेला खिळलेले. पाणी खाटेच्या दांड्याला लागलं, तसा मी एलियाहू हानाबीला नवस बोलले, की हे वाचले तर मलिदा करीन. एलियाहू हा आमचा पैगंबर. अडल्यानडल्याच्या दारी तो अनोळखी माणसाच्या रूपात येतो, अशी आमची श्रद्धा. पुढे मी गावाला सांगितलं ते असं, की नवस बोलले आणि दारात गल्लीतला सुभाष उभा! त्याने ह्यांना पाठीवर घेतलं, समोरच्या गच्चीवर नेऊन ठेवलं. तेवढ्या वेळात गल्लीच्या खालच्या टोकाला त्याच्या घराची भिंत बसली. आत त्याची म्हातारी आई होती.

पाणी ओसरून महिना झाल्यावर मी मलिदा केला. गोड पोहे, ओलं खोबरं, वेलची, पाच फळं, सगळं रीतीप्रमाणे. गल्लीला बोलावलं. सुभाषही आला, उंबऱ्याशी बसला. मी आमचं स्तुतीचं गाणं म्हटलं, आणि मग सगळ्यांना सांगितलं, की एलियाहू त्या दिवशी सुभाषच्या रूपाने आला.

सुभाषने हातातली ताटली खाली ठेवली. "मंग माझ्या मायकडं काहून न्हाई आला, बाई?"

रागावून नाही म्हणाला. वर्गात गणित अडलं की विचारायचा, तसंच विचारलं. चौथीपर्यंत तो माझ्याच हाताखाली होता. मी शिक्षिका, सगळ्या प्रश्नांना उत्तर देणारी. मी पोह्यांवर खोबरं पसरत राहिले. तो उठून गेला.

त्यानंतर मला माझे वडील आठवू लागले. पेसाहच्या सणाला, मिसरातून म्हणजे इजिप्तमधून आमच्या पूर्वजांची सुटका झाली त्या रात्रीची आठवण म्हणून, आम्ही काळ्या मनुकांचं सरबत पितो. पिण्याआधी वडील पेल्यात बोट बुडवून दहा थेंब ताटलीत सांडायचे. त्या सुटकेसाठी देवाने मिसरी लोकांवर दहा संकटं आणली, त्यांचं दुःख आठवून आपला पेला तेवढा कमी करायचा. वडील सांगायचे, समुद्र दुभंगला, आपले लोक पार झाले आणि मागून आलेलं मिसरी सैन्य बुडू लागलं, तेव्हा स्वर्गात देवदूत गायला लागले. देवाने त्यांना गप्प केलं. माझ्याच हातांनी घडवलेली माणसं बुडताहेत आणि तुम्ही गाता? आमच्या जुन्या धर्मगुरूंनी त्या चमत्काराचा हा अर्थ लावला आहे. लहानपणी मला वाटायचं, शत्रूच तर होते, गायले तर काय बिघडलं? सुभाषची आई कोणाची शत्रू होती? दर उन्हाळ्यात ती आमच्या अंगणात तिच्या घरची ओली हळद आणून टाकायची.

वडील असंही सांगत, की काठाला लागलेले लोक मात्र गायले, आणि त्यांना देवाने अडवलं नाही. मी बरेच दिवस याच आधारावर स्वतःला समजावलं. मीही वाचलेलीच ना! पण त्या लोकांनी पार होताना कोणाचा हात ओढला नव्हता.

मी ओढला होता. सुभाष आमच्या दारात आला नव्हता, दारावरून खाली धावत चालला होता. "मायला काढतो अन् आलोच, बाई," असं ओरडून म्हणाला होता. मी त्याची बाही धरली. वर्गातल्या आवाजात म्हणाले, "नाही. आधी ह्यांना घे." बाईंचा शब्द मोडायचा नाही, हे मीच त्याच्या हाडीमाशी भिनवलं होतं. तो वळला. आणि मी ही सगळी गोष्ट देवाच्या नावावर खपवली.

रिकाम्या हातांनी त्याच्या घरी गेले. तो नवी भिंत लिंपत होता. म्हटलं, "सुभाष, तुला देवाने पाठवलं नव्हतं. मी ओढलं होतं."

त्याने हात धुतले. "मला म्हाईत हाय, बाई. बाही माझीच फाटली व्हती. तुमी कवा बोलता, तेच पाहून राहिलो होतो."

माफ केलं, असं तो म्हणाला नाही. मीही माफी मागितली नाही. त्याने माठातून तांब्याभर पाणी आणून दिलं, तेवढं प्यायले.

हे जिवंत आहेत. त्याबद्दल रोज देवापुढे मान झुकवते, आणि माझी करणी माझ्याच नावाने त्याच्यापुढे ठेवते. शरण जाणं म्हणतात ते मला एवढंच जमलंय. शुक्रवारी सांजेला आमचा शनिवार सुरू होतो; दिवा लागला की हे वाकड्या जिभेने मलिद्याच्या वेळचं ते स्तुतीचं गाणं सुरू करतात. मी त्यांच्या तोंडावर हात ठेवते. खिडकीतून सुभाषची भिंत दिसते.