“नांदवणं म्हणजे काय?” विचारणाऱ्या वत्सलाताई

वत्सलाताईंना मी प्रथम पाहिलं ते यवतमाळच्या कोर्टातल्या समुपदेशनाच्या खोलीत. ‘पत्नीस नांदवण्यास तयार आहे’ असा दावा माझ्या पतींनी लावला होता आणि निकालाआधी न्यायाधीशांनी आम्हां दोघांना ताईंकडे पाठवलं होतं. कळंबहून, माहेराहून निघाल्यापासून मला एकच धास्ती होती. सगळे मिळून समजूत घालतील, मी हो म्हणेन, आणि दिग्रसच्या घरात पुन्हा तेच सुरू होईल.

मी बालवाडीत शिकवत होते. मोठ्या दिरांनी परस्पर शाळेत जाऊन सांगितलं, की ही उद्यापासून येणार नाही. पती कापसाच्या जिनिंग कारखान्यात फिटर होते, स्वभावाने शांत. ते गप्प राहिले. मारहाण नाही, व्यसन नाही, त्यामुळे माझी तक्रार कोणालाच मोठी वाटत नव्हती.

“मॅडम, त्यांना सांगा...” मी सुरुवात केली.

“ते समोरच बसले आहेत. मी काय पोस्टमन आहे?” ताई म्हणाल्या. पती हसले. ताई लगेच त्यांच्याकडे वळल्या. “अन् तुम्ही? नांदवणार म्हणजे काय करणार?”

“घरी नेतो मॅडम. अजून काय?”

“ते नेणं झालं. नांदवणं सांगा.”

पती म्हणाले, “मीच जाऊन सांगतो शाळेत, थे पुन्हा येणार हाय म्हणून.”

“पुन्हा तुम्हीच सांगणार! तिले विचारलं का?”

तेव्हा कुठे ते माझ्याकडे वळले. “जाशीन का तू शाळेत?”

मी नुसती होकारार्थी मान हलवली.

ताईंनी तरीही घाई केली नाही. “हिची भीती गेली नाही अजून,” असं म्हणून त्यांनी पुढची तारीख घेतली. मला म्हणाल्या, “सध्या दिग्रसला नुसती कपड्यांची पिशवी ने. ट्रंक आईकडेच राहू दे.” पुढे पतींनी दावा मागे घेतला. ती ट्रंक आणायला ते स्वतः कळंबला आले, तेही मला विचारून.

ताईंनी अनेक संसार जुळवले. पण मार खाणाऱ्या बाईला परत पाठवणं म्हणजे समेट नव्हे, हेही त्या ठामपणे सांगत.

गेल्या वर्षी पती अचानक गेले. तेरवीनंतर घरात माझ्याविषयी बोलणी सुरू झाली. हिने माहेरी जावं, की दिरांकडे राहावं? मी तिथेच बसले होते. भेटायला आलेल्या ताई दारातूनच म्हणाल्या, “तिले विचारलं का कोणी?”

सगळे माझ्याकडे वळले. मग मला सांगता आलं, की मी माझ्याच घरी राहणार आहे.

आता ताईंचे गुडघे दुखतात. फोन उचलायला त्यांना उशीर झाला तरी माझा जीव खालीवर होतो. पंचाहत्तरीचा हा सत्कार आम्ही त्यांना विचारूनच ठरवला. “हार नको, बसायला नीट खुर्ची ठेवा,” एवढीच त्यांची अट होती.

ताईंनी निरोगी राहावं, शंभरी पाहावी. एवढं मात्र आम्ही त्यांना न विचारताच ठरवलं आहे.