पळसखेड, उजाड
पळसाच्या पानावर गरम भाकर ठेवली की जो वास सुटतो, तो मला अजून सोसत नाही. वऱ्हाड मध्यप्रांताला जोडलेलं होतं तेव्हा मी नांदुऱ्याकडे नवा पटवारी होतो. माझ्याकडच्या गावांतलं पळसखेड साथीनं रिकामं झालेलं, एक म्हातारी तेवढी उरली होती. गावात एक चूल जरी पेटत असली तरी दप्तरात गाव आबाद, नाहीतर नावापुढे ‘उजाड’ लिहायचं. दर पाहणीला ती मला पळसाच्या पानावर भाकर द्यायची आणि म्हणायची, “माह्या आजेसासऱ्यानं पळस तोडून गाव वसवलं, म्हून हे नाव. त्याले उजाड लिहू नोको, बाप्पा.” एका हिवाळ्यात गेलो तर दार सताड उघडं. चुलीत काटक्या नीट रचलेल्या, बाजूला काडेपेटी. शेजारच्या शिवारातला गुराखी म्हणाला, “आठ रोज झाले, बुढी गेली. सांगून गेली, पटवारीभाऊ आले का माही चूल पेटवतीन.” मी तरुण होतो, खोटं लिहायचं नाही असा ताठा होता. तिच्याच ओट्यावर बसून दप्तर उघडलं आणि ‘उजाड’ लिहिलं. आता या वयात देवापुढे दिवा लावायला काडी ओढतो आणि हात तिथंच थांबतो. एकच काडी लागली असती.