कोरड्यास काय?

माझ्या बायकोच्या मामांइतका मराठीवर प्रेम करणारा आणि मराठी बोलणाऱ्यांना छळणारा माणूस अख्ख्या नगर जिल्ह्यात दुसरा नसेल. शाळेत तीस वर्षं व्याकरण शिकवून ते निवृत्त झाले, खिशातलं लाल पेन मात्र झालं नाही. लग्नपत्रिका आली की मुहूर्ताच्या आधी ते ऱ्हस्व-दीर्घ बघतात. एकदा रसवंतीच्या पाटीत दोन चुका काढल्या, तेव्हा रसवाला म्हणाला, "गुरुजी, रस प्या न् गप ऱ्हावा." मामांनी रस प्यायला आणि जाताना पाटी सुधारली.

अशा माणसाची गाडी एका शब्दावर अडली. मामी जामखेडजवळच्या खर्ड्याकडच्या. परवाच्या उन्हाळ्यात त्या फोनवर बहिणीला म्हणाल्या, "आज कोरड्यास काय केलंस गं?" मामा ताडकन म्हणाले, "आमटी पातळ, आणि नाव कोरड्यास? हा शब्द तू कुठून आणलास?"

"माहेरातून. लग्न झालं तवा ह्याच शब्दाला हसला हुता तुमी. चाळीस वर्षं झाली, तुमच्याम्होरं आमटीच म्हणते."

मामा चक्क ओशाळले आणि दुसऱ्या दिवसापासून त्या शब्दाचं मूळ शोधायला निघाले. कोशात अर्थ मिळाला, पण मामांना हवी होती जन्मकथा. एका लग्नात त्यांनी आचाऱ्याला गाठलं, "याला कोरड्यास का म्हणतात?" तो म्हणाला, "वाढू का?" जामखेडच्या एसटीत एका म्हातारीला तेच विचारलं, तर ती समजली की गुरुजी उपाशी आहेत, तिनं फडकं सोडून भाकरी आणि ठेचाच हातावर ठेवला.

शेवटी एका दुपारी, मी जेवायला होतो, तेव्हा मामांनी हार मानली. "नाही सापडत."

"मला कुटं इचारलं?" मामी वाढता वाढता म्हणाल्या. "भाकरीचा कोरडा घास नरड्याखाली उतरत न्हाई. मग बाया एकमेकींना इचारायच्या, कोरड्यास काय? म्हंजे कोरड्या घासाला काय केलं? तेच नाव पडलं."

मामांचा घास हातातच राहिला. स-ला-ते! चतुर्थीचा जो 'स' प्रत्यय तीस वर्षं पोरांकडून घोकून घेतला, तो रोज त्यांच्या ताटात वाढला जात होता. ते इतके हसले, की ठसका लागला. खरी व्युत्पत्ती हीच की दुसरी, कुणास ठाऊक. लाल पेन न काढता मामांनी ती मान्य केली.

मग त्यांनी विचारलं, "तुझी आई कोरड्यास कशाचं करायची गं?"

मामी खाली बसल्या. हुलग्यांपासून सुरू झाल्या त्या चुलीवर, आईवर, शेजारणींवर गेल्या. मी त्यांच्या तोंडून कधी न ऐकलेले शब्द एकामागून एक येत राहिले. मामांनी एकालाही अडवलं नाही. ताटातला हात वाळून गेला, तरी ते उठले नाहीत.