बहुधासाहेब आणि बिरूचा शर्ट

सांगली कोर्टात आमच्या सीनियरांना सगळे बहुधासाहेब म्हणत. ‘चहा झाला का?’ असं विचारलं, तर मिशीवरून बोट फिरवून ‘बहुधा झालाय’ म्हणायचे. वहिनींनी हौसेनं ‘आमटी कशी झालीय?’ विचारावं, तर ‘आधी ती आमटीच आहे, हे तरी ठरू दे,’ असं उत्तर. त्या माउलीनं तीस वर्षं संसार कसा केला, देव जाणे. फौजदारी वकिलाच्या मात्र असा स्वभाव पथ्यावर पडतो. मी ज्युनियर म्हणून सात वर्षं त्यांच्या फायली उचलल्या.

‘आरोपी निर्दोष आहे, असं आपण कधी म्हणायचं नाही,’ ते मला बजावायचे. ‘आपण तिथं होतो का? सरकारला सिद्ध करता येत नाही, एवढंच म्हणायचं आणि खाली बसायचं.’ पक्षकारानं पाय धरून ‘साहेब, म्या न्हाई केलं वो’ म्हटलं, तरी ‘असेल, असेल’ म्हणत ते चष्मा पुसत बसायचे. मला त्यांचा भारी राग यायचा.

बिरू हा जतकडचा, हळदीच्या पेठेतला हमाल. गोदामामागं मुकादम मरून पडला. आदल्या दिवशी बिरूचं त्याच्याशी भांडण झालेलं, आणि पोलिसांना बिरूच्या खोलीत डागाळलेला शर्ट सापडला. जन्मठेप समोर दिसत होती. एका प्रयोगशाळेनं लिहिलं, डाग माणसाच्या रक्ताचे. आम्ही अर्ज करून शर्ट दुसरीकडे पाठवला, तर तिथून आलं, डाग हळदीचे. दोन्ही तज्ज्ञ शपथेवर, आणि दोघंही छातीठोकपणे सांगणारे.

साहेबांनी तज्ज्ञांना सोडलं आणि शर्ट जप्त करणाऱ्या हवालदाराला धरलं. ‘पंचनाम्यात डाग पिवळे आहेत. कोर्टात लाल कसे आले?’

हवालदार सरळ माणूस. म्हणाला, ‘लय घाण वास मारत हुता साहेब. तपासणीला, कोर्टात जायचा मुद्देमाल, जरा बरा दिसावा म्हणून म्या साबण लावून धुतला.’

सांगलीत शेंबड्या पोराला विचारा, हळदीला साबण लागला की ती लाल होते. कोर्टात आलेल्या बाया तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. साहेबांना तरीही खात्री नव्हतीच. त्यांनी शिपायाच्या डबीतला तंबाखूचा चुना मागून घेतला, खिशातून हळदीची पुडी काढली आणि दोन्ही स्वतःच्या गळ्यातल्या पांढऱ्या पट्टीवर चोळलं. पट्टी लालभडक झाली.

‘वकीलसाहेब, पुरे,’ न्यायाधीश म्हणाले. ‘पण मग माणसाचं रक्त आलं कुठून?’

‘माजंच आसंल,’ हवालदार म्हणाला. ‘बटनाच्या जागी पिन हुती. पिळताना बोटात घुसली.’

म्हणजे दोन्ही अहवाल बरोबर. बिरू संशयाचा फायदा मिळून सुटला.

आठ दिवसांनी तो निकालाची नक्कल घेऊन ऑफिसात हजर. ‘साहेब, ह्यात संशय लिवलाय. बायको म्हायेरी बसलीय. म्हणती, संशय हाय म्हंजी केलंच आसशील. दोन लेकरं हाईत. तुमी चला, सांगा तिला.’

कायद्यात असंच लिहितात, हे मी त्याला समजावत होतो, तोवर साहेब उठून चपला घालत होते. जतच्या पल्याड तिच्या माहेरच्या वस्तीवर आम्ही तिघं गेलो. बाई दारात उभी राहिली. या, बसा काही म्हणाली नाही. साहेबांनी शर्ट, साबण, पिन असं सगळं सांगायला घेतलं. तिनं मधेच तोडलं.

‘आवं, त्ये ऱ्हाऊ द्या. ह्यानं मारलं का न्हाई मारलं?’

साहेबांनी बिरूकडे पाहिलं. फाईल मला पाठ होती आणि तिच्यात याचं उत्तर नव्हतं.

‘नाही मारलं,’ साहेब म्हणाले.

‘ह्ये कोर्टातलं सांगताय का खरं?’

‘खरं.’

ती आत गेली आणि लेकरांचे कपडे पिशवीत भरायला लागली.

परतताना साहेब चष्मा पुसत बसले. ‘कशावरून सांगितलंत?’ असं विचारायचा मला धीर झाला नाही. गेल्या वर्षी ते गेले, आता विचारायचं कुणाला? फार आठवण येते त्यांची. आयुष्यात तेवढी एकच गोष्ट ते पुराव्यावाचून बोलले, आणि तिच्यावर त्या बाईचा संसार चाललाय.