मालक आला तरी उठायचं नाही

“ही कोन आडवी पडलीय माझ्या बांधावर? उठीव तिला.”

मालक हे मुकादमाला म्हणाला. माझ्या आईकडं त्यानं नीट बघितलंही नाही. आई बांधावरच्या बाभळीखाली पडली होती आणि तिचे पाय वाटेत आले होते. मालकाच्या जीपमधून पाव्हणे उतरले होते. शहरातले. मालकाला त्यांना आपला ऊस दाखवायचा होता. त्या देखाव्यात आडवी पडलेली बाई बसत नव्हती.

मी तेव्हा शाळेच्या वयाची होते, पण शाळेत नव्हते. आमचं गाव पाथर्डी तालुक्यात, तिसगावच्या अंगाला. दिवाळी उरकली की घराला कुलूप लावून कोपरगावकडं ऊस तोडायला जायचं. आई आणि बाप मिळून एक कोयता. तोडणीत नवरा-बायकोच्या जोडीला कोयताच म्हणतात. मुकादम माणसं मोजत नाही, हत्यारं मोजतो. मी त्यांच्यामागं वाढं, म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, गोळा करत फिरायची.

त्या सकाळी आईनं उसाच्या बुडख्याला हात घातला आणि पाचटातलं गांधीलमाश्यांचं पोळं उठलं. माश्या सगळ्यांनाच चावायच्या, त्यात नवल नव्हतं. बापानं कोयत्याचं पातं आणलं, जिथं चावलं तिथं घासलं, वर चुना लावला. फडातला दवाखाना एवढाच. आई पुन्हा वाकली.

पण ती तळहात खाजवायला लागली. मग मान, मग पोट. अंगभर लाल चट्टे उठले. बायका म्हणाल्या, “पित्त उठलंय,” आणि ओल्या फडक्यानं पुसायला लागल्या. ओठ सुजले. डोळे बारीक झाले. तिला ओकारी झाली. आवाज घोगरा झाला, बाप्याचा वाटावा असा. “घशात काय तर अडाकल्यावानी हुतंय,” म्हणाली आणि स्वतःच बाभळीखाली जाऊन पडली. पड म्हणून तिला कुणी सांगितलं नव्हतं. तिच्या अंगाला कळलं होतं.

आणि तेवढ्यात जीप आली.

मालक आला की अख्खा फड उभा राहायचा. ही रीत. ती कुणी लिहिलेली नव्हती आणि कुणी मोडलेली नव्हती. भाकरी खाणारा घास तोंडात ठेवून उठायचा. लेकराला पाजणारी बाई लेकरू ओढून उठायची. कोयते खाली, नजर खाली, बायकांचे पदर डोक्यावर. मालक गेला की पुन्हा बसायचं.

मुकादमानं आईच्या एका बगलेत हात घातला. दुसऱ्या बगलेत बापानं. आईनं डोळे किलकिले केले. मालक आलाय म्हटल्यावर तिचा हात आधी पदराकडं गेला. दोघांनी तिला उभी केली. ती उभी राहिली. पदर डोक्यावर घेतला.

“काय न्हाई मालक. बरं हाय,” ती म्हणाली.

हे तिचं शेवटचं बोलणं. तेही त्याच्याशी. माझ्या वाट्याला एक शब्द आला नाही.

मग तिचा चेहरा राखेसारखा झाला आणि ती दोघांच्या हातांतून खाली सरकली. मालक म्हणाला, “बास झाली नाटकं.” पाव्हण्यांतली एक बाई घाबरली. जीपमधनं दवाखान्यात नेऊ या का, असं काहीतरी ती हळूच म्हणाली. मालक हसला.

“वकलीय ती. शीटा घान हुतील. टायरगाडीत घाला.”

बैल जुंपले. उसावर गोणपाटाचं चवाळं टाकून आईला त्यावर निजवलं. जीप आमच्या शेजारून पुढं गेली, पाव्हण्यांच्या हातांत उसाची कांडकी होती. दवाखाना येण्याआधीच आई गेली होती. मी तिचा हात धरून बसले होते, मला कळलं. बापाला मी सांगितलं नाही, तो बैल हाणत होता.

ऊन लागलं, असं सगळ्यांनी ठरवलं. मालकानं हिरवी साडी पाठवली. सवाष्ण गेली म्हणून. आणि बाप, माझा बाप, त्या साडीसाठी जाऊन मालकाच्या पाया पडला. मी शेजारी उभी होते. मालकाची वहाण, बापाचं कपाळ. ते चित्र माझ्या डोळ्यांपुढून कधी हललं नाही, आणि हलू नये म्हणून मी त्याला जपलंय.

पुढं आत्यानं मला गावात ठेवून घेतलं. शिकवलं. मी नर्सिंगला गेले ती सेवाबिवा करायला नव्हे. सरकारी पगार, पक्कं घर आणि पुन्हा कुणाच्या फडात पाय ठेवायचा नाही, एवढंच डोक्यात होतं.

एके दिवशी वर्गात आमच्या शिक्षिका तीव्र अॅलर्जीचं शिकवत होत्या. शेंगदाण्यानं होते, औषधानं होते, माशी चावून होते. अंगावर चट्टे, ओठ-जीभ सुजणं, घोगरा आवाज, दम लागणं, ओकारी, चक्कर. त्या फळ्यावर लिहीत होत्या आणि मी वहीत काही लिहीत नव्हते. मला बाभूळ दिसत होती. मग त्या म्हणाल्या, “पेशंटला आडवं झोपवा, पाय वर करा. दम फारच लागत असेल तर पाय लांब ठेवून बसवा. पण उभं करायचं नाही. चालवायचं नाही.”

मी विचारलं, “उभं केलं तर?”

“रक्तदाब आधीच पडलेला असतो. उभं केलं की रक्त पायांत उतरतं, हृदयाला पंप करायला काही राहतच नाही. उभा केलेला माणूस तिथल्या तिथं जाऊ शकतो.”

मी वर्गातून उठून बाहेर गेले. नळाखाली डोकं धरलं. तोवर मी उन्हाला, माश्यांना शिव्या देत होते. नशिबाला देत होते. आता मला माणूस सापडला होता. “उठीव तिला.” दोन शब्द. मला रडू आलं नाही. मला आनंद झाला म्हटलं तर लोक नावं ठेवतील, पण झाला. शत्रूचा पत्ता मिळाल्याचा आनंद.

सुटीत घरी गेले तेव्हा बापाला सांगितलं. तिला पडू दिलं असतं, लवकर सुई मिळाली असती, तर ती जगू शकली असती, असं सरळ सांगितलं. बाप पायाचा अंगठा चोळत बसला. मग म्हणाला, “पर पोरी, मालकाम्होरं पडून कसं ऱ्हायाचं?”

बायको जाऊन एवढी वर्षं झाली तरी त्याला तो प्रश्न खरा वाटत होता. त्या दिवशी मला बापाचाही राग आला, आणि तो राग शेवटी ज्याच्याकडं जायचा त्याच्याकडंच गेला.

नोकरी लागल्यावर मैत्रिणींनी गावाजवळच्या जागा मागितल्या. मी कोपरगाव मागितलं. तोच पट्टा, तोच ऊस. ज्या फडात पाय ठेवायचा नाही म्हणत होते तिथं मी मागून गेले. का, ते कुणाला सांगितलं नाही.

गेल्या हंगामात लसीकरणाला मी त्याच्याच शेतावर होते. तोडकऱ्यांच्या कोप्या, पाचटाच्या झोपड्या, बांधाला लागून होत्या, मी लेकरांना डोस देत होते. लसीनं कुणाला रिअॅक्शन आली तर म्हणून आमच्या बॅगेत अॅड्रेनालिनची कुपी असते. फडातून आरडाओरडा आला. एक गडी बायकोला खांद्याला धरून चालवत आणत होता. तिचं तोंड सुजलेलं, पाय लटपटत होते.

“खाली ठेव तिला!” मी ओरडले. “चालवू नको! आहे तिथं झोपव!”

मी पळत गेले. चट्टे, सुजलेले ओठ, घोगरा आवाज, ओकारी. “माशी चावली व्हय?” विचारलं, तर नवरा म्हणाला, “व्हय ताई, कोयता घासलाय, चुना बी लावलाय.” तिला उताणं निजवलं, पाय उसाच्या मोळीवर ठेवले. मांडीच्या बाहेरच्या बाजूला सुई दिली. एकानं एकशेआठला फोन लावला. गाडी दुसऱ्या केसला गेलेली, वेळ लागणार होता. मी तिची नाडी धरून बसले.

तेवढ्यात पांढरी गाडी बांधावर आली. हॉर्न वाजला.

सगळे उठले. सगळे. आणि जिचे डोळे उघडत नव्हते, जिची नाडी मला धड लागत नव्हती, त्या बाईनं कोपर जमिनीत रोवलं. एक हात पदराकडं गेला. ती उठायला लागली.

मी दोन्ही हातांनी तिचे खांदे दाबले. “पडून ऱ्हा. उठायचं न्हाई.”

“मालक...” ती म्हणाली.

“मेला मालक. पडून ऱ्हा.”

तो उतरला. काठी हातात, केस पांढरे, मान तीच. “काय तमाशा हाय? उठवा तिला. ट्रक भरायचा ऱ्हायलाय.”

“उठणार नाही ती,” मी म्हणाले.

“तू कोन?”

मी मान वर केली नाही. मी गुडघ्यावर होते, पण त्याच्यासाठी नव्हते. मी म्हणाले, “याच बांधावर तू एक बाई उभी केली होतीस. माशी चावलेली. ती मेली. मी तिची मुलगी.”

मी त्याला अरे-तुरे करतेय हे सगळ्यांनी ऐकलं. इतकी वर्षं मी हा क्षण मनात घोळवला होता. तो पांढराफटक पडेल, नाही तर खोटं म्हणेल, नाही तर ओरडेल. प्रत्येकाला माझ्याकडं उत्तर तयार होतं.

तो आठवायचा प्रयत्न करत होता. खरंच करत होता. मग त्यानं विचारलं, “कोनती?”

याचं उत्तर माझ्याकडं तयार नव्हतं.

बाईचा श्वास अजून सुधारत नव्हता. मी दुसरी सुई दिली आणि त्याच्या ड्रायव्हरला म्हणाले, “मागचं दार उघड.” ड्रायव्हरनं मालकाकडं बघितलं. मी बाईच्या नवऱ्याला सांगितलं, “उचल. आडवीच उचल. बसवायची नाही.” तो क्षणभर थांबला. मग त्यानं मालकाकडं पाठ केली. आणखी दोघं पुढं आले. मालकानं दारापुढं काठी आडवी धरली. नवऱ्यानं ती हातानं बाजूला सारली, फांदी सारावी तशी. दार उघडलं. बाईला मागच्या सीटवर आडवी घातली, तिचे चिखलाचे पाय मी मांडीवर घेतले. वाटेत तिला पुन्हा ओकारी झाली. तिला कुशीवर वळवलं आणि त्या सीटवरच होऊ दिली. पुसली नाही.

निघताना मी मागं बघितलं. तो बांधावर उन्हात उभा होता. बसायला कुणी काही दिलं नव्हतं.

बाई वाचली. बरं वाटतंय म्हणून ती लगेच घरी निघाली होती, मी जाऊ दिलं नाही. उतरलेली रिअॅक्शन काही तासांनी पुन्हा चढू शकते.

मग मालकाची तक्रार आली. आमच्या डॉक्टरांनी मला बोलावून घेतलं. “मोठा माणूस आहे. माफी माग, विषय संपव.” तो समोर खुर्चीत बसलेला. मी म्हणाले, “माफी मागायला मला माझं चुकलेलं सापडत नाही. त्यांना त्यांचं सापडतंय का, विचारा.” आणि खुर्ची ओढून बसले. माझी बदली होणार म्हणतात. होऊ दे. ऊस खर्ड्यापासून कोपरगावपर्यंत कुठंही असला तरी तोडणारे आमचेच आहेत.

लोक सांगतात, बाई वाचवलीस, आता राग सोड. मी का सोडू? तो राग माझ्या आईचा आहे, माझ्याकडं ठेवायला दिलेला. ती बाई वाचली म्हणून माझी आई उठून आली नाही.

आता तोडकऱ्यांच्या टोळ्या आल्या की मी कोप्यांवर जाते. बायकांना चिन्हं सांगते. चट्ट्यांबरोबर दम लागला, आवाज बदलला, ओकारी झाली, चक्कर आली तर ते पित्त नव्हे. कोयता घासत बसू नका, सुई लागते, गाडी बोलवा. मग त्यांना जमिनीवर झोपायला लावते आणि त्याचा आवाज काढून ओरडते, “ही कोन आडवी पडलीय माझ्या बांधावर? उठीव तिला!”

पहिल्यांदा निम्म्या बायका उठतात. दचकून, पदर सावरत. मी त्यांना पुन्हा झोपवते, पुन्हा ओरडते. कुणीच उठेनासं होईपर्यंत ओरडते. मग त्या पडल्या पडल्या हसायला लागतात. त्याच्या आवाजाला हसतात. एक म्हातारी गेल्या खेपेला झोपूनच म्हणाली, “तूच उठीव की मुडद्या.” सगळ्या कोप्या हसल्या.

हे त्याच्या कानावर गेलंय. जावं म्हणूनच करते. तो अजून जिवंत आहे. चांगलं आहे. त्यानं पुष्कळ जगावं, आणि प्रत्येक हंगामात आपला आवाज आपल्याच फडात बायकांच्या हसण्यात बुडताना ऐकावा.

निघताना मी त्या बायकांना एक नाव पाठ करायला लावते. त्या मोठ्यानं म्हणतात, बांधापलीकडं जाईल इतक्या मोठ्यानं. त्यानं विचारलं होतं ना, कोणती?

गयाबाई. ती गयाबाई होती. हे उत्तर मी त्याला मरेपर्यंत देणार आहे.